पड आणि पडीक

शके १७०५, मार्गशीर्ष शु. ५
दादा जाऊन आज चौदा दिवस. सकाळी दफ्तरात हजर झालो. कुणी फार विचारले नाही, बरे झाले. बिबवेवाडीच्या जमिनींची यादी साफ लिहून द्यायची होती, दिली. दोनदा वाचून मग देण्याची माझी रीत. आज एकदाही वाचली नाही.
संध्याकाळी वहिनींनी विचारले, धनगराला निरोप कोण धाडणार? दादाचे रान यंदा पड आहे. दोन वर्षे बाजरीत तूर-मटकी, तिसऱ्या वर्षी विसावा आणि वर मेंढ्या बसवायच्या, हा त्याचा नेम. उद्या धाडतो म्हणालो.

माघ व. २
सखोजी आला. दादाचा वाटेकरी. महिनाभर लेकीकडे होता. ओट्यावर चढला नाही, अंगणातूनच बोलला.
"रानात पाट खणत्यात, धनी. ऊस लावायचा हाय म्हणं. पडीक होतं म्हणून सरकारनं दिलंय."
पडीक नव्हे, पड आहे, म्हटले.
"त्ये मला ठावं हाय. कागदाला कुठं ठावं हाय?"

माघ व. ३
यादी काढून पाहिली. वरच्या तीन ओळी पडीक जमिनींच्या, खऱ्याच पडीक. चौथी दादाची. हात तसाच पुढे गेला. एक वेलांटी आणि एक क जास्त.
पडीक जमिनीवर बागाईत करील त्याला ती काही वर्षांच्या कौलाने देतात. पेठेतल्या गुळाच्या एका व्यापाऱ्याने मागितली, मिळाली. हरकत असल्यास कळवा म्हणून गावात दवंडी झाली, तेव्हा आम्ही इथे सदाशिव पेठेत.
चूक झाल्याचा अर्ज लिहून आप्पाजींना दिला. आमच्या दफ्तरातले वडीलधारे. वाचून म्हणाले, "अहो, इतके सुरेख अक्षर आणि चूक म्हणता? मग आमच्या अक्षराला काय म्हणायचे?" बाकीचे हसले. मग हळू आवाजात, चूक ठरली तर आपली चाकरी कशी राहील तेही विचारात घ्या, म्हणाले. अर्ज परत घेतला.
वहिनींना सांगितले, कुणा कारकुनाची चूक झाली.

शके १७०६, वैशाख शु. १०
रानात जाऊन आलो. ऊस गुडघ्याएवढा. दोन मोटा दिवसभर चालू. वरचा ओढाही बांध घालून इकडे वळवला. शेजारच्या विहिरीचा तळ दिसतो. गावच्या बायका आता टेकडीपलीकडून पाणी आणतात.
व्यापाऱ्याचा दिवाणजी भेटला. पूर्वी इथे काय होते, असे विचारून स्वतःच म्हणाला, "मेंढ्या. आपल्या बंधूंनी जमीन झोपवून ठेवली होती, आम्ही उठवली."
परतताना वाटेत तीन उत्तरे सुचली. तिन्ही चांगली होती.

कार्तिक व. ६
दादाचे वर्षश्राद्ध आटोपले. सखोजी जेवायला होता. ऊस चांगला आला आहे म्हणाला. पावसाळ्यातही पाट बंद केले नाहीत म्हणे. वहिनींनी न मागता मला भात अधिक वाढला, एवढे नीट आठवते. बाकी दिवस कसा गेला ते आठवत नाही.

मार्गशीर्ष व. ७
खालच्या बांधाशी रान वर्षभर ओलेच राहिले. वरून सुकू लागले तसे पांढरे झाले, राख सांडावी तसे. सखोजीने चिमूटभर माती जिभेवर ठेवली, मग मला दिली. खारट.
"इथं आता बाजरी उगवायची न्हाई, धनी. ऊस बी दोन सालं येईल, मग त्यो बी न्हाई."
काळ्या रानाला पाणी बेताने पाजावे, खालचा खार वर येतो, असे दादा जेवताना सांगत असे. मी मान हलवी. तो बोलत असताना मी नेहमी दुसऱ्याच कशाचा विचार करीत असे.
सखोजी म्हणतो, आत्ता पाणी थांबले तर वरचा भाग वाचेल. पुढच्या साली नाही.

माघ शु. ९
गुऱ्हाळ लागले. वहिनींनी हट्ट धरला, म्हणून गाडी केली. चुलाणासाठी बांधावरच्या सगळ्या बाभळी तोडल्या आहेत. बुंधे तेवढे उरलेत. वहिनी प्रत्येक बुंध्यापाशी थांबल्या.
दिवाणजीने द्रोणात काकवी आणून दिली. नको म्हणणे बरे दिसेना, वहिनींनी घेतली. त्याला वाटले आम्ही खूश आहोत. म्हणाला, "बाईसाहेब, हे सारे आपल्या भाऊजींच्या लेखणीची कृपा."
घरी आल्यावर वहिनींनी पाय धुतले, मग विचारले.
"भाऊजी, आपण लिहिले होतेत?"
हो म्हटले.
"मला कुणा कारकुनाची चूक म्हणालात."
"कारकुनाचीच."
हे उत्तर मी का दिले ते मला अजून कळलेले नाही.

माघ शु. १२
वहिनी सकाळी सासवडला भावाकडे गेल्या. परत केव्हा येणार ते विचारायची माझी छाती झाली नाही. त्यांनीही सांगितले नाही.
दफ्तरात अर्ज दिला. चूक माझी, चाकरी काढून घ्यावी, पण कौल रद्द करून पाणी आजच बंद करावे, असे लिहिले. आप्पाजींनी वाचला. हसले नाहीत. घडी करून दफ्तराच्या रुमालात बांधला आणि म्हणाले, "खोडवा निघू द्या, मग पाहू." खोडवा म्हणजे कापल्या बुडख्यांना फुटणारे दुसरे पीक, आणखी एक वर्ष. चाकरीबद्दल काही बोलले नाहीत. उद्या नेहमीच्या वेळी यायचे आहे.
घरी आलो. भात टाकला. खाली लागला. वरचा खाल्ला, पातेले राखेने घासून पालथे घातले.