पितृपक्ष सोडताना

प्रिय ऋजुता,

तुझा निरोप यंत्रावर तीनदा ऐकला. पहिल्यांदा मजकुरासाठी, दुसऱ्यांदा व्याकरणासाठी आणि तिसऱ्यांदा नुसताच, तुझ्या आवाजासाठी. "आई, आमच्या डेमोक्रॅट मतदारांच्या यादीतून तुझं नाव गेलंय आणि चक्क पलीकडच्या यादीत आहे. कुणीतरी घोळ घातलाय. फोन कर." शेवटी आज्ञार्थ, नेहमीप्रमाणे. फोन करणार नाही. फोनवर तू मला वाक्य पुरं करू देत नाहीस, आणि हे वाक्य जरा लांब आहे. घोळ कुणी घातलेला नाही. नाव मीच हलवलं, शुद्धीवर असताना, निळ्या शाईने. चौदा फेब्रुवारीपासून तुझी आई रिपब्लिकन आहे. आता कुठेतरी टेक, पाणी पी आणि पुढे वाच. मराठी वाचायला तुला वेळ लागतो. तेवढ्यात राग निम्म्यावर येईल, हेही मी धरून चालले आहे.

पुण्याला तुझ्या मामाला कळवलं, तर त्याने एकच विचारलं, "किती खोकी मिळाली?" एकच मिळालं, पुठ्ठ्याचं, मे महिन्यात. त्यात रुबार्बचा पाय होता, म्हणजे आंबट देठांचं गोड सारण भरून भट्टीत भाजलेला खाऊ. कुणी दिला, ते ओघाने येईलच.

कारण विचारशील तर रस्ता. वेंडेल रायकर एकोणीस वर्षं निवडून येऊन आपल्या गावचे रस्ते सांभाळतात, हे तुला सांगायला नको. तुझी शाळेची बस खड्ड्यातून त्यांनीच ओढून काढली होती. यंदा त्यांच्याविरुद्ध खडीच्या खाणीचे मालक ग्रँट हॉलेनबेक उभे राहिले. त्यांनी जाहीर केलं, की टेकडीवर चार घरांसाठी बर्फ काढत बसणं हा चोचला आहे. हिवाळ्यात तो रस्ता बंद. त्या चारांतलं एक घर आपलं. आपलं गाव जवळजवळ सगळं रिपब्लिकन, तेव्हा नोव्हेंबरची निवडणूक म्हणजे लग्न लागल्यावर पत्रिका जुळवणं. ठरायचं ते जूनमध्येच ठरतं, रिपब्लिकनांच्या आपसातल्या मतदानात. तिथे मत द्यायचं तर नाव त्यांच्या यादीत हवं, आणि नाव बदलायची मुदत चौदा फेब्रुवारी. प्रेमदिनाच्या दिवशीच पक्षांतराची मुदत संपावी, हे ज्याला सुचलं त्याला एकतर विनोदबुद्धी भरपूर असावी किंवा अजिबात नसावी.

मी मुदतीच्या दिवशीच जिल्ह्याच्या निवडणूक कचेरीत गेले. तिथे प्रत्येक खुर्चीला दुसऱ्या पक्षाची जुळी खुर्ची असते, तशा खिडकीमागे दोघी बसल्या होत्या. सणाचं म्हणून हृदयाच्या आकाराच्या साखरेच्या गोळ्यांचं वाडगं ठेवलं होतं. मी एक उचलली आणि कागद पुढे केला. रिपब्लिकन बाई म्हणाल्या, "या, या, आमच्याकडे जागाच जागा आहे." डेमोक्रॅट बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "जाताय तर जा. पण वाडगं माझं आहे, गोळी परत ठेवा." मी ठेवली. तिच्यावर 'माझी हो' असं छापलेलं होतं, त्यामुळे ती तशीही अडचणीचीच होती.

हसून झालं असेल तर आता खरं सांगते. तो कागद भरताना पक्षाच्या चौकटीपाशी माझं पेन थांबलं होतं. एकवीस वर्षांपूर्वी नागरिकत्वाची शपथ घेतली, त्या दुपारी तुझ्या बाबांनी पंधरा मिनिटं विचार करून डेमोक्रॅटपुढे खूण केली, आणि मी त्यांच्या कागदात डोकावून तिथेच केली. लॅटिन शिकवणाऱ्या बाईने कॉपी केली, हे शाळेत बोलू नकोस. संस्कृतमध्ये पक्ष म्हणजे पंख, पक्ष म्हणजे पंधरवडा आणि पक्ष म्हणजे बाजूही. बाबा गेल्यावरही मी त्यांच्याच यादीत राहिले. सहा वर्षं मी पितृपक्षात होते म्हण ना. राजकारणाचा त्यात संबंध थोडाच होता. त्यांच्या नावाखाली माझं नाव छापलेलं असे, एवढंच. मग त्यांचं नाव गेलं आणि माझ्या वर एक अनोळखी ओगिल्वी आला.

आणि रस्ता हेही कारण अर्धंच आहे. तुझं नाव ऋजुता ठेवून मीच स्वतःला अडकवून घेतलं. सरळ सांगावं लागतं. बर्फ काढणारी गाडी रस्त्यावरून गेली, की पात्याखालचा बर्फ सगळ्यांच्या फाटकात बांधासारखा साचतो आणि घरटी एक माणूस फावडं घेऊन शिव्या देतो. माझ्या फाटकात तो कधी साचत नाही. वेंडेल तिथे पातं उचलतात. ज्या सकाळी बाबांना न्यायला रुग्णवाहिका टेकडीवर आली, तिच्यापुढे तेच पातं रस्ता कापत चाललं होतं. त्यानंतर सहा हिवाळे ते माझ्या फाटकाशी वर जातं. मी कधी आभार मानले नाहीत, त्यांनी कधी विषय काढला नाही. जानेवारीच्या गावसभेत हॉलेनबेकनी तो काढला. "सगळ्या गावाच्या फाटकात बर्फ पडतो, आणि टीचरबाईंच्या फाटकाशी पातं आपोआप वर जातं. बिघाड यंत्रात आहे की माणसात?" सभा खदाखदा हसली. वेंडेल उठले, कान लाल. म्हणाले, "यंत्र ठीक आहे." आणि खाली बसले.

त्या सभेतून घरी येऊन मी आधी मुदत कधीची ते पाहिलं.

मे महिन्यात वेंडेल प्रचाराला निघाले, पक्षाची यादी घेऊन, घरोघर. आपल्या फाटकाशी बराच वेळ उभे होते. आत आले, खोकं टेबलावर ठेवलं आणि यादीवर बोट ठेवून म्हणाले, "टीचर, छपाईत चूक झालीय. तुमचं नाव माझ्याकडे आलंय."
मी म्हटलं, "चूक नाही."
"हे फेब्रुवारीच्या चौदाच्या आत करावं लागतं ना?"
"चौदालाच केलं," मी म्हटलं.
मग ते पाऊण तास माझ्या स्वयंपाकघरात बसले, आलं घातलेला चहा दोनदा प्यायले आणि मत द्या असं एकदाही म्हणाले नाहीत. गेले तेव्हा यादी इथेच विसरले. उरलेल्या गावात प्रचार कसा केला असेल कोण जाणे.

त्याचं फळ मिळालंच. जूनमध्ये अग्निशमन केंद्रात मोजणी झाली आणि वेंडेल नऊ मतांनी पडले. मी पक्षांतर केलं नसतं तर दहांनी पडले असते. इतिहासातलं माझं योगदान एवढंच. दुसऱ्या दिवशी ते टोपी हातात घेऊन फाटकाशी आले. म्हणाले, "जानेवारीपासून या रस्त्याला पातं नाही. मग खालून वर येणं कठीण. मी म्हटलं, आधीपासून वरच असलेलं बरं. तुला चालणार असेल तर." इंग्रजीला तू आणि तुम्ही यांतला फरक कळत नाही, हे मी सत्तावीस वर्षं वर्गात सांगत आले. ते 'तू' मला स्वच्छ ऐकू आलं.

तर पत्राचं कारण हे. पितृपक्षात शुभकार्य करत नाहीत, म्हणून तो संपू देणार आहोत. त्यानंतरच्या पहिल्या शनिवारी, सकाळी अकरा वाजता, गावच्या न्यायाधीशीण बाई लग्न लावतील. बाबांचा फोटो आहे तिथेच राहील; वेंडेलनीच त्याच्यामागचा खिळा घट्ट करून दिला. तू मागची सहा वर्षं दर रविवारी विचारतेस, "आई, एकटी बरी आहेस ना?" आणि मी दर रविवारी खोटं बोलते. हे उत्तर जरा उशिरा देते आहे. मला तुझं मत हवं आहे, आणि ते गुप्त नको. ये आणि तोंडावर दे. वेंडेलनी नऊ मतांनी हरणं पचवलं. एका मताने हरणं मला जमणार नाही.

यादी कोणतीही असो, तुझीच,
आई