हळदकुंकू लावलेला डबा

भिंगार, १६ ऑक्टो. ७२
खंडेनवमी. स्टाफरूममध्ये फळा, डस्टर, पृथ्वीचा गोल आणि यंदा भिंतीवरचा नवा स्पीकरचा डबाही पूजेत. हेडसर ऑफिसातून बोलले की सगळ्या खोल्यांत ऐकू येतं. नवी शिक्षिका कमल स्टुलावर चढली, डब्याला हळदकुंकू लावलं, झेंडू खोचला. हेडसर खूश.

२८ नोव्हें.
मधल्या सुट्टीत स्टाफरूममध्ये आम्ही दोघीच. दार लावून कमल म्हणाली, दिवस गेलेत. सासूलाही अजून सांगितलेलं नाही. नोकरी कच्ची, कायमची ऑर्डर पुढच्या महिन्यात निघायची. म्हटलं, कागद हातात पडेपर्यंत अवाक्षर काढू नकोस. तिने विश्वासाने मला सांगितलं, फार बरं वाटलं. माझ्या लेकीएवढी आहे.

१ डिसें.
हेडसरांनी कमलला बोलावून सांगितलं, अशा अवस्थेत तुम्हाला झेपायचं नाही, जागेवर दुसरं कुणी बघू. ती थेट माझ्यापुढे आली. "बाई, मी फक्त तुम्हालाच सांगितलं होतं." माझं ऐकूनही घेतलं नाही. बावीस वर्षं नोकरी केली, कधी कुणाची चुगली... जाऊ दे. जेवण गेलं नाही.

४ डिसें.
गणपत शिपाई हळूच म्हणाला, "बाई, सायेब बटन दाबून बसत्यात. तुमी हितं बोलता ते समदं तिकडं ऐकू येतं. माजं नाव घिऊ नका."
अंगाची लाही झाली. डबा बोलतो तसा ऐकतोही! इथे आम्ही वेण्या घालतो, घरची गाऱ्हाणी सांगतो, एकमेकींना दुखण्यांवर औषधं विचारतो. आणि हा गृहस्थ खुर्चीत बसून... शी. वर शिस्तीच्या गप्पा. आणि आम्ही त्याच डब्याची पूजा केली. कमलला सांगायला गेले, तर उठून वर्गात गेली.

५ डिसें., मधली सुट्टी
स्टाफरूममध्येच लिहितेय. दार आतून लावलंय. सगळ्याजणी जेवतायत, कमल खिडकीशी पाठमोरी. आत्ताच डब्याखाली उभी राहिले आणि आवाज न चढवता म्हणाले, "हेडसर, बायकांच्या खोलीला कान लावून तुम्ही कमलची जागा काढून घेताय. उद्या मी संस्थेच्या कमिटीकडे अर्ज देणार." सगळ्या बघत राहिल्या. बाईंना वेड लागलं वाटलं असेल.
एवढं लिहिते तोच कडी वाजली. गणपत. "मोठ्या बाई, सायबांनी बोलावलंय. आत्ताच्या आत्ता."
कमल वर डब्याकडे बघतेय. कुंकू अजून आहे त्याच्यावर. आता पदर खोचून उठलीय.
"थांबा बाई, मी पण येते."