ह्यांचे स्पीकर आणि तुझे चिरंजीव

प्रिय चिमे,

अनेक आशीर्वाद. तुझा गुडघा बरा झाला असेल असं धरून चालते, कारण हे वाचून तुला उठून मुलाचा कान धरायचा आहे.

माझी तब्येत उत्तम आहे, संताप सोडला तर. तुझे चिरंजीव गाण्यांचं मिक्सिंग करतात, म्हणून ह्यांचे जुने स्टुडिओ मॉनिटर स्पीकर ऐकून बघायला त्यांना रविवारी बोलावलं. कामाचे वाटले तर घेऊन जा म्हटलं. (हे गेल्यापासून त्या दोन काळ्या खोक्यांना कुणी हात लावलेला नाही, आणि त्याआधी तीस वर्षं ह्यांनी त्यांच्यावरच लोकांची गाणी नीट केली.) चिरंजीवांनी आल्याआल्या माझी आरामखुर्ची व्हरांड्यात काढली (तिच्यामुळे बास बिघडतो म्हणे!), भिंतीवर माझी रजई टांगली, वूफर बोटानं दाबून पाहिला, वरच्या छोट्या ट्विटरला कान लावला आणि जाहीर केलं, "मावशी, म्हातारे झालेत. वरचे स्वर संपलेत ह्यांचे." बघत मात्र माझ्याकडे होता. मग स्वतःचं गाणं लावलं. गाडीत ते म्हणे अंगावर येतं. इथे ड्रम्स दाराशी आणि गाणारी बिचारी बादलीत तोंड घालून मदत मागत असल्यासारखी. मी तसं म्हटलं, तर म्हणे स्पीकरच खराब. अगं, चुका दाखवणं हेच तर त्यांचं काम! कौतुकाला घरी आई आहे की. पण स्वतःची चूक यंत्रावर ढकलायची खोड कुठून आली, हे का मला माहीत नाही? नववीत आपल्या कॉन्व्हेंटच्या समूहगानात तू बेसूर गायलीस आणि नावं माइकला ठेवलीस. सिस्टरनी तुला गटातून काढलं, तरी पन्नास वर्षं तुझं एकच पालुपद, माझा सूर बरोबर होता. मुलगा तुझ्यावरच गेलाय.

आता ह्या स्पीकरांची परीक्षा मीच घेणार. त्या समूहगानाची टेप ह्यांनी लग्नानंतर ह्याच स्पीकरांवर ऐकत साफ करून ठेवली होती. ती आज लावते. एका दगडात तुम्हा मायलेकांचा निकाल लागेल.

तुझी,
ताई

ता. क. टेप ऐकली. दोन टोकांना दोन माइक होते. तू उजव्या टोकाला, मी डाव्या. उजवा स्पीकर स्वच्छ आहे. डाव्यातून एक मुलगी सूर सोडून, पण भलत्याच आत्मविश्वासानं गाते. डावा स्पीकर बिघडला असणार म्हणून वायरींची अदलाबदल केली. मुलगी उजव्यातून गायला लागली.

ता. क. २. हे टेप साफ करत होते तेव्हा मी चहा घेऊन गेले होते. ह्यांनी घाईनं मशीन बंद केलं आणि म्हणाले, छान गायलीस. म्हणजे ह्यांना ठाऊक होतं! त्यानंतर तीस वर्षं एका घरात, आणि अवाक्षर नाही. ह्याला काय म्हणावं?

ता. क. ३. स्पीकर खराबच आहेत. चिरंजीवांना म्हणावं, गाडी आणून घेऊन जा. तूही ये. टेप एकदा तुझ्यासमोर लावीन. एकदाच. आणि माझी खुर्ची अजून बाहेरच आहे, ती आधी आत घ्या.