चाळणीवालीचे साल

मी, धंदा चाळण्या बनवणे, राहणार पाणवठ्यामागच्या गल्लीतले शेवटचे घर, हे लिहून ठेवते. डोके ठिकाणावर आहे. हात कापतो, पण तो वयाने, कुणाच्या धाकाने नाही. लिही असे कुणी सांगितले नाही, आणि लिहू नको म्हणायला घरात दुसरे माणूस नाही.

१. घर. दोन खोल्या, पुढे ओटा, मागे परस. यातले काहीही माझ्या पुतण्याला देऊ नये. मागच्या खेपेस आला तेव्हा त्याने माझी विचारपूस केली नाही, भिंतींची केली. ठोकून ठोकून पाहिल्या आणि म्हणाला, "काकू, ओल आहे का गं?" ओल आहे. त्याला तीही मिळणार नाही.

घर कुणाला द्यायचे ते सांगण्याआधी थोडे मागचे सांगते. पुढे कदाचित सालांची मोजणी बदलेल आणि वाचणाऱ्याला कळणार नाही.

राजे गेले तेव्हा त्यांच्या नावाचे शकही गेले आणि आपला धनी शक सुरू झाला. वर्षाच्या पहिल्या दिवशी चौकातल्या घागरीतून चिठ्ठी निघते. ज्याची निघेल त्याचे ते साल, तो त्याचा धनी, बाई असली तर धनीण. त्याने दाराशी दिवा टांगायचा. त्या सालात जन्मलेले प्रत्येक मूल धन्याच्या दारी आणायचे आणि त्याने ते उचलून उंबऱ्याच्या आत घ्यायचे. म्हणून आपण वय विचारत नाही, "कुणाच्या सालचा?" असे विचारतो. धनी मेला की त्याच्या सालात जन्मलेल्या कुणीतरी तो दिवा उतरवायचा. मग साल पुरे झाले, आणि चौकातल्या दोरीवर त्याची गाठ पक्की. कुणीच आले नाही तर गाठ सोडतात आणि साल मोजणीतून जाते.

माझी चिठ्ठी निघाली तेव्हा नवऱ्याला कोण आनंद. चाळण्यांची कडी वळवायची सोडून ओट्यावर बसला आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला चहा पाजत राहिला. सुरुवातीला मुले आली. आम्हाला मूलबाळ नव्हते. इतकी मुले हातात घेईन असे मला कधी वाटले नव्हते. मग तापाची साथ आली. नळावर कुणीतरी बोलले, "चाळणीवालीला साल दिले, त्यात काय टिकणार?" झाले. मुले यायची थांबली. जी येऊन गेली त्यांच्याही आया पुढे साल बदलून सांगू लागल्या. कुणी आधीच्या शिंप्याचे सांगितले, कुणी नंतरच्या पाथरवटाचे. त्या साली गावातल्या बायका जणू संपावर गेल्या होत्या, एकही मूल झाले नाही म्हणे. अजूनही दूध नासले की लोक म्हणतात, "आले चाळणीवालीचे साल." बोलणाऱ्याला ठाऊक नसते की चाळणीवाली रांगेत मागेच उभी आहे.

लोकांच्या बोलण्याची सवय झाली. पण माझा नवरा त्याच तापात गेला. साल मोजणीतून काढले तर तो कधी गेला म्हणायचे? मला मान नको, त्याच्या मरणाला वर्ष हवे.

म्हणून घर त्याला, जो माझ्या सालचा आहे असे चारचौघांत सांगेल आणि माझा दिवा उतरवेल. लोभाने आला तरी चालेल. कुणीच आले नाही तर घर चावडीला द्यावे. उंबरा तेवढा काढून माझ्याबरोबर जाळावा.

२. हत्यारे. पकड, पत्र्याची कात्री आणि लहान ऐरण पत्र्याचे डबे करणाऱ्याला. त्याने एकदा मला न मागता खुर्ची दिली होती. नवऱ्याने वळवलेले एक कडे खुंटीला आहे, त्याला मी जाळी बसवली नाही. ते कुणाला देऊ नये.

३. शेजारीण इस्त्रीवाली. ती साक्षीला आहे आणि साक्षीदाराला काही मिळत नाही, हा कायदा. नाहीतरी मी दिले नसते. तिच्या कोळशाचा धूर माझ्या घरात, तिच्या कपड्यांचे पाणी माझ्या तारांवर. तिची आई सांगायची, पोर शिंप्याच्या सालची आहे, अंगाने लहानखुरी इतकेच. या घरात तिने आजवर पाऊल टाकलेले नाही. आजही सहीचे विचारले तर परसातल्या भिंतीपलीकडून म्हणाली, "मावशी, इस्त्री तापलीय, लवकर उरका." मात्र मी दोन दिवस दिसले नाही तर ती उलथन्याने भिंतीवर ठोकते. मी परत ठोकले की गप्प बसते. आमचे एवढेच बोलणे. ते बंद झाले तर मला करमणार नाही, हेही इथेच लिहिते. फार एकटे वाटते. असले काही कायद्याच्या कागदात लिहितात की नाही, मला ठाऊक नाही.

वरचे सगळे मी वाचून पाहिले, माझ्या मनासारखे आहे. नियमाप्रमाणे साक्षीदारांनी आपापले जन्मसाल स्वतःच्या हाताने लिहावे.

ठिकाण: राहते घर.
धनी शक, नावाड्याचे साल, दुसरा महिना.

सही: चाळणीवाली

साक्षीदार पहिला: टपालवाला. जन्म: घिसाड्याचे साल. सही केली.

साक्षीदार दुसरी: इस्त्रीवाली, भिंतीपलीकडची. जन्म: शिंप्याचे साल. हे मी लिहिले होते, मीच खोडले. जन्म: चाळणीवालीचे साल. साक्षीदाराला घर मिळत नाही हे वाचले आणि तरी सही करते. दिवा मी उतरवीन. आई मला तुमच्या ओट्यापर्यंत घेऊन आली होती. ताप सुरू झाला होता, म्हणून तिथूनच परत फिरली. मावशी, मला उंबऱ्याच्या आत अजून कुणी घेतलेले नाही. आता उचलणे तुम्हाला जमायचे नाही, हात धरा. इस्त्री खाली ठेवून पुढच्या दाराने येते. सही केली.