खेद म्हणजे माफी नव्हे

मी, खाली सही करणारी, वय वर्षे त्र्याहत्तर, निवृत्त प्राध्यापिका, चीनच्या परराष्ट्र धोरणाची अभ्यासक, पूर्ण शुद्धीवर असून, कोणाच्या सांगण्यावरून नव्हे तर स्वतःच्या मर्जीने हे मृत्युपत्र लिहून ठेवते. माझे डोके ठिकाणावर आहे का, याबद्दल आमच्या विभागात दुमत आहे. त्यांना कोणी विचारलेले नाही.

१. चार लाकडी खणांतली टिपणकार्डे. बीजिंगने कोणाला कधी ‘चिंता’ कळवली, कधी ‘निषेध’, कधी ‘खेद’, हे चाळीस वर्षांचे काम त्यांत मूळ चिनी शब्दांसह आहे. ती माझ्या शेवटच्या विद्यार्थिनीला द्यावीत. ती उद्धट आहे, पण चिनी वाचते.

२. विभागप्रमुखांना त्यांतले एकही कार्ड मिळू नये. या गृहस्थांना चिनीचे अक्षर येत नाही आणि चीनवर यांचे चार ग्रंथ आहेत. उथळ पाण्याला खळखळाट फार. एका निवेदनातल्या ‘यीहान’चे, म्हणजे खेदाचे, यांनी ‘माफी’ केले आणि ‘चीन नमला’ असे टीव्हीवर सांगून आले. मी चूक दाखवली तर म्हणाले, “मॅडम, खेद काय नि माफी काय, भावना महत्त्वाची!” खेद म्हणजे झाले ते वाईट झाले. माफी म्हणजे ते मी केले. एवढा फरक ज्याला कळत नाही त्याला माझा मोठा चिनी शब्दकोश द्यावा. नवाकोरा राहील.

३. भाचा दर भेटीत विचारतो, “आत्या, चायनीज माल टिकतो का गं?” त्याला माझे भिंतीवरचे घड्याळ द्यावे. ते चिनी आहे. एकतीस वर्षे चालते आहे. त्याची एकही नोकरी वर्षभर चाललेली नाही.

४. राहते घर धाकट्या बहिणीला. आई गेली तेव्हा हिने मला कळवले नाही, असे मी अकरा वर्षे सांगत आले. तिने पत्र लिहिले होते : ‘तीनदा फोन केला, तू मिळाली नाहीस. जे झाले त्याचा खेद वाटतो.’ मी पहिले वाक्य खोटे ठरवले, ‘खेद’भोवती लाल वर्तुळ काढले, समासात ‘ही माफी नव्हे’ असा शेरा मारला आणि पत्र परत पाठवले.

गेल्या महिन्यात विभागाचा जुना शिपाई भेटायला आला. बोलता बोलता म्हणाला, “बाई, तुमच्या आई गेल्या त्या दिवशी तुमच्या बहिणीचे तीन फोन आले होते. पण तुम्हीच बजावलं होतं, निबंध पुरा होईपर्यंत कोणाचा फोन द्यायचा नाही.”

निबंध पुरा झाला. छापूनही आला. सात जणांनी वाचला असेल, त्यांत विभागप्रमुख नाहीत. शब्दावर बोट ठेवून माणूस वाचायचा राहतो, अशी विद्वत्ता चुलीत घालावी.

धाकटे, तुझ्याशी मी जे वागले त्याबद्दल मी तुझी माफी मागते.

ठिकाण : माझे जेवणाचे टेबल
तारीख : सतरा नोव्हेंबर
सही : निवृत्त प्राध्यापिका
साक्षीदार : (१) माझे डॉक्टर (२) खालच्या मजल्यावरच्या शिवणकाम करणाऱ्या बाई

दुरुस्ती : कलम ४ मध्ये ‘मला खेद आहे’ हे शब्द खोडून ‘मी तुझी माफी मागते’ असे केले आहे. मसुदा ऐकून साक्षीदार क्रमांक दोन म्हणाल्या, “अहो, खेद काय? सख्खी बहीण आहे ती, परराष्ट्र आहे का?” खाडाखोड मला मान्य आहे.

सही : ताई