साडेबारा क्विंटलची कट्टी

सर, तुमच्या-माझ्या वर्गांच्या मध्ये बांबूच्या तट्ट्याची भिंत होती. हिंगणघाटच्या त्या शाळेत अलीकडे मी पोरांकडून कविता म्हणून घ्यायचो आणि पलीकडे तुमची लाकडी पट्टी पडायची. हळूहळू माझी पोरं तिच्याच ठेक्यावर कविता म्हणू लागली. मीही तुमच्याच हातचा. लहानपणी दशांश चिन्ह एक घर चुकलं, म्हणून तुम्ही माझी बोटं टेबलाच्या खणात चेपली होती. त्याच संध्याकाळी घरी येऊन बोटांना हळद लावलीत, मला ओट्यावर बसवून कविता म्हणायला लावलीत आणि डोळे मिटून ऐकलीत. बाबांना म्हणालात, "हा मास्तर होते, पाहजो." झालो.

तो दिवस कापसाच्या हंगामातला, दोन हजार सालाच्या आसपासचा. तुम्ही फळ्यावर गणित घालता : साडेबारा क्विंटल कापूस, भाव क्विंटलला दोन हजार रुपये चाळीस पैसे, एकूण किती? उत्तर पंचवीस हजार पाच. शेवटच्या बाकावरचं पोरगं चोवीस हजार पाचशे चार रुपये नव्वद पैसे आणतं.

"पॉइंट कुठं ठेवला बे?"

"पॉइंट बराबर हाये जी. कट्टी कापली."

कापूस विकताना व्यापारी क्विंटलमागे दोन किलो वजन धरतच नाही, ओल म्हणतो, कचरा म्हणतो. ती कट्टी. त्या पोरानं साडेबारातून पाव क्विंटल आधी वजा केला आणि मग गुणलं. बापासोबत बाजारात हेच पाहिलं होतं त्यानं.

"मले शिकवून राह्यला?" एवढंच ऐकू आलं, मग पट्टी. ठेका नव्हता त्याला. मी तट्टा ढकलून आत आलो, तर पोराची भुवई फाटलेली, रक्त डोळ्यात उतरलेलं आणि तुमचा हात अजून वर. मी मनगट धरलं. तुम्ही मला फळ्यावर आपटलंत. माझा दात ओठात घुसला.

तासाभरात बाप आला, हातात बैल हाकायची तुतारी.

"माह्या पोराले काऊन मारलं जी?"

तुम्ही वही पुढे केलीत. त्यानं ओठ हलवत आकडे जुळवले. "बराबर तं हाये."

"गणितात कट्टी लिहिली नव्हती."

"लिहून कोन कापते, सर?"

आणि तुतारी फिरली. तुमच्या हाताचं हाड मोडल्याचा आवाज कापसाची वाळलेली पऱ्हाटी मोडावी तसा आला. दुसरा फटका खांद्यावर, तिसरा तुम्ही खाली पडल्यावर. वर्गातलं एकही पोर रडलं नाही. सगळी पाहत होती, फळ्याकडे पाहतात तशी. जाताना बाप म्हणाला, "आता हा शाळेत नाई येत." मुख्याध्यापक म्हणाले तक्रार करा, तुम्ही केली नाही. प्लास्टरातला हात घेऊन रोज हजेरीला त्या पोराचं नाव पुकारत राहिलात. अलीकडे माझी कविता तेवढ्यापुरती थांबायची. तो आला नाही.

त्यानंतर निवृत्तीपर्यंत तुम्ही पट्टी उचलली नाही. म्हणून काही भुवई सांधत नाही.

तो आता पिपरीच्या रस्त्याला सरकीचं दुकान चालवतो. मला खुर्ची देतो, चहा मागवतो. व्रण बुजलेला नाही. परवा त्यानं विचारलं, "ते सर कसे होते जी, खरं सांगा." मी चहा पीत राहिलो. उत्तर म्हणून हे लिहायला बसलो, तर तुम्हालाच लिहिलं गेलं. हे त्याला दाखवणार नाही. कारण सर, मला तुमची आठवण मायेनं येते, आणि ते त्यानं माझ्या हस्ताक्षरात वाचू नये.