वरवंट्याच्या कानातले नाव

॥ श्री ॥
नानपुरा, सुरत
१४ मार्च १९६८

चि. श्रीकांत यास विजयाअक्काचे अनेक आशीर्वाद.

तार पोचली. मुलगी झाली, सुनंदा सुखरूप आहे, हे वाचून आनंद झाला. आत्या व्हायला मला बावन्न वर्षे थांबावे लागले, तरी तक्रार नाही.

काल बारसे केले. मूल स्कॉटलंडात आहे म्हणून बारसे चुकवावे असे कुठे सांगितलेले नाही. वरच्या मजल्यावरच्या मंगलाबाईंनी पाळणा दिला. त्यात मी माझा वरवंटा निजवला. एरवी तो बाळाबरोबर पाळण्याखालून-वरून फिरतो. या वेळी बाळाची जागाही त्यालाच मिळाली. मंगलाबाईंनी त्याला कुंची घालू का म्हणून विचारले. मी घालू दिली. घरमालकीण शांताबेन मुलांना घेऊन आल्या. त्यांच्याकडेही नाव ठेवण्याचा मान फोईचा, म्हणजे आत्याचाच असतो, तेव्हा त्यांना काही समजावून सांगावे लागले नाही.

मी वरवंट्याजवळ वाकून नाव सांगितले आणि रीतीप्रमाणे सगळ्यांनी माझ्या पाठीवर धपाटे घातले. ज्यांच्या मुली माझ्या वर्गात संस्कृतात नापास झाल्या आहेत, त्यांनी जरा मनापासून घातले.

नाव 'तपती' ठेवले आहे. सूर्याची मुलगी ती तपती. आपल्या तापीचेच हे जुने नाव. मंगलाबाई खानदेशातल्या, त्यांना नदीचे नाव ऐकून भरून आले. नाव आधीच ठरवून कळव असे तू फेब्रुवारीत लिहिले होतेस. बारशाआधी नाव फोडायचे नसते. आणि तारेने पाठवले असते तर मुलीचे बारसे तारमास्तरांनी केल्यासारखे झाले असते.

वरवंटा धुऊन फडताळात ठेवला आहे. नाव त्याच्याकडे ठेव म्हणून आहे. तिच्या कानात मी स्वतः सांगेन, त्या दिवशी तो पुन्हा पाट्यावर येईल. तोवर माझी चटणी मंगलाबाईंच्या पाट्यावर.

सुनंदेला गार पाण्यात हात घालू देऊ नकोस. डिंकाचे लाडू बोटीने पाठवले आहेत. आहे तो लोभ जपून ठेव.

तुझी
विजयाअक्का


इन्व्हरनेस
२७ मार्च १९६८

ती. अक्कास श्रीकांतचा कृ. सा. न. वि. वि.

तुझं पत्र काल आलं. 'तपती' सुंदर आहे. सुनंदेनं दोनदा मोठ्यानं वाचलं.

आता जे सांगायचं आहे ते सांगून टाकतो. इथं तीन आठवड्यांच्या आत जन्माची नोंद करावी लागते. मी कचेरीत गेलो, कारकुनानं नाव विचारलं, आणि तुझं पत्र तेव्हा वाटेत होतं. मी 'फिओना' असं लिहून आलो. इकडचं नाव आहे, उच्चाराला सोपं आहे, आयत्या वेळी सुचलं. घरी आपण तपतीच म्हणू.

रागावणार हे ठाऊक आहे. पण थोडंच रागाव, पुढच्या पत्राला जागा ठेव.

तुझा
श्रीकांत


नानपुरा, सुरत
९ एप्रिल १९६८

चि. श्रीकांत यास आशीर्वाद.

थोडे रागावण्याची मला सवय नाही, तेव्हा राग पुढे ढकलते आणि प्रश्न विचारते. हे नाव कोणत्या भाषेतले? त्याचा धातू कोणता? अर्थ काय? ते पूर्वी कोणाचे होते? तू डॉक्टर आहेस. औषधात काय आहे हे न पाहता रोग्याला देत नसशील. मुलीला आयुष्यभर पुरणारी गोष्ट तू कारकुनासमोर उभ्या उभ्या दिलीस.

आयत्या वेळी तुला काहीही सुचत नाही. शाळेत भाषणाच्या स्पर्धेत तू दुसऱ्या वाक्यावर खाली बसला होतास. तेव्हा हे सुचले कोणाला, तेही कळव.

शांताबेन रोज विचारतात की भत्रीजीला नाव आवडले का. मी हो म्हणते. भाचीसाठी खोटे बोलायची वेळ माझ्यावर आली आहे.

सुनंदेला जप. तुझ्यावरचा लोभ तूर्त तसाच आहे.

विजयाअक्का


इन्व्हरनेस
५ मे १९६८

ती. अक्कास कृ. सा. न. वि. वि.

तुझ्या प्रश्नपत्रिकेसाठी अभ्यास केला. माझे एक रोगी आहेत, निवृत्त शाळामास्तर, इथली जुनी गेलिक भाषा त्यांची घरची. त्यांना विचारलं. ते तुझ्यासारखेच आहेत, आधी मलाच चार प्रश्न विचारले.

गेलिकमध्ये 'फ्यून' असा एक शब्द आहे. अर्थ पांढरा, गोरा, उजळ. जुन्या कथांतल्या एका वीराचंही नाव त्यावरूनच. पण 'फिओना' जुनं नाही. त्यांच्या आजीच्या वेळी गावात एकही फिओना नव्हती. दोनशे वर्षांमागे एका कवीनं त्या शब्दाला शेपूट जोडून ते घडवलं, पुढे एका लेखकानं बाईचं टोपणनाव म्हणून ते घेतलं, आणि आता या शतकात मुलींना सर्रास ठेवतात. म्हणजे वस्त्र नवं, सूत जुनं.

मास्तर असंही म्हणाले की काही विद्वान त्या 'फ्यून'चं मूळ पाहणं-जाणणं या अर्थाच्या धातूशी जोडतात, म्हणजे आपल्या 'विद्'शी दूरचं नातं निघतं. हे ऐकून तुला बरं वाटेल असं वाटलं.

सुचलं कोणाला, हे मात्र विचारू नकोस. सही माझी आहे.

श्रीकांत


नानपुरा, सुरत
२ जून १९६८

चि. श्रीकांत यास आशीर्वाद.

उत्तर व्यवस्थित लिहिले आहेस, गुण देते. 'विद्'शी नाते आहे असे काही विद्वान म्हणतात, इतक्यावर मी भाचीचे नाव उभे करणार नाही. सगळ्यांचे एकमत झाले की कळव.

नवे आहे यालाही माझी हरकत नाही. प्रत्येक नाव कधीतरी नवे होते. माझी हरकत अर्थाला आहे. तू पाठवलेला फोटो मी खिडकीशी नेऊन पाहिला. मुलगी आपल्या वळणाची आहे, रंगाने थेट माझ्यावर गेली आहे. आणि तिचे नाव गोरी.

तू तेव्हा दहा वर्षांचा होतास, तुला आठवत नसेल. माझ्या लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने माझे नवे नाव लिहिले ते 'गौरी'. मांडवात हसू पसरले. सासूबाई म्हणाल्या, निदान नाव तरी उजळ असू दे. सात वर्षे कोणी हाक मारली की मी आधी लोकांच्या तोंडाकडे पाहायची, कोणी हसते आहे का. हे गेले, मी नोकरी धरली, आणि शाळेच्या पटावर पुन्हा 'विजया' लिहिले. त्या दिवशी पगारापेक्षा त्याचा आनंद मोठा होता.

म्हणून सांगते, माझ्या तोंडून ते नाव निघणार नाही. वरवंटा फडताळात आहे, तिथेच राहील.

सुनंदेचे अक्षर मार्चपासून पाहिलेले नाही. तिला लिहायला सांग.

विजयाअक्का


इन्व्हरनेस
१४ जुलै १९६८

ती. अक्कांस सुनंदाचा शि. सा. न. वि. वि.

लिहायला उशीर केला, कारण खरं लिहायचं होतं. नाव ह्यांना सुचलं नाही. मी सांगितलं. हे माझ्यासाठी तुमचा राग अंगावर घेत राहिले, आणि तुमचं जूनचं पत्र वाचल्यावर मला ते बघवेना.

आमच्या शेजारी मिसेस मॅकले राहतात. पन्नाशीच्या, उंच, फार कमी बोलणाऱ्या. मी दवाखान्यातून घरी आले तेव्हा बाहेर बर्फ होतं, ह्यांना सुट्टी दोनच दिवस मिळाली. आई तिकडे नागपूरला, तुम्ही सुरतेला. बाळाला अंघोळ घालायची तर एकटीला धीर व्हायचा नाही. तिसऱ्या दिवशी ह्या बाई न विचारता स्वयंपाकघरात आल्या, पाणी तापवलं आणि माझ्यासमोर हात पुढे केले. तेल कसं लावायचं ते मी खुणांनी दाखवलं. पायांवर पालथं कसं घ्यायचं तेही दाखवलं. त्या खुर्चीवर बसणाऱ्या, तरी माझ्यासाठी जमिनीवर बसल्या, आणि उठताना मला त्यांना हात द्यावा लागला. पुढे महिनाभर रोज आल्या. माझ्यासाठी सातूचं सूप आणायच्या, मी संपवीपर्यंत जायच्या नाहीत. तुमचे लाडू जूनमध्ये आले. पहिला त्यांना दिला. दात चाचपत म्हणाल्या, की हे ज्या बाईंनी केले त्या कडक असणार.

त्यांचं नाव फिओना. अर्थ काय, ते मी विचारलंच नव्हतं. तुमच्या पत्रामुळे कळला. मला ते नाव म्हणजे ऊन पाणी एवढंच माहीत.

अक्का, तुमचा मान मी घेतला हे खरं आहे. पण कागदावर त्यांचं नाव लिहिलं नसतं तर त्यांना द्यायला माझ्याजवळ दुसरं काही नव्हतं. बाळाला घरी आम्ही तपतीच म्हणतो. काय वाटेल ते बोला, पण पत्र बंद करू नका.

तुमची
सुनंदा


सुरत
२३ ऑगस्ट १९६८

चि. सौ. सुनंदा हिस अनेक आशीर्वाद.

पुराची बातमी तिकडे पोचली असेल. मी सुखरूप आहे. तापी घरात आली आणि माझ्या खोल्या छताला हात लागेल इतक्या भरल्या. आम्ही सगळे मंगलाबाईंकडे वर होतो. शांताबेन जिन्यावर उभ्या राहून म्हणाल्या की फोईबा, भत्रीजीला इतक्या लाडाने नाव दिलेत, ती भेटायला आली. त्या परिस्थितीत आम्ही तिघी हसलो.

वर जाताना हातात येईल ते घेतले. वर जाऊन पाहिले तर एका हातात औषधाची पिशवी आणि दुसऱ्या हातात वरवंटा. पुस्तके खाली राहिली. मंगलाबाई अजून विचारतात की बीए झालेली बाई पुरात दगड कशाला वाचवते. पाटा जड, तो चिखलात गेला होता. परवा खणून काढला, शाबूत आहे.

तुझे पत्र पुराच्या आधीच वाचले होते. तेव्हा उत्तर लिहायला बसले आणि जमले नाही. बाळंतिणीला पाणी घालायला मी यायला हवे होते. मला शाळेची परीक्षा होती, समुद्र होता, सगळे खरे आहे. पण मी इथे दगड न्हाऊ घालत होते, तेव्हा कोणीतरी तुझ्या मुलीला न्हाऊ घालत होते. मिसेस मॅकले यांना माझा नमस्कार सांग. लाडू मऊ करायचे असतील तर तूप जास्त लागते आणि ते बोटीत टिकत नाही, हेही सांग.

नावाबद्दल मी काही ठरवलेले नाही. मला घाई नाही. वरवंटा पुन्हा फडताळात आहे. पत्र कशाला बंद करीन?

तुझी
विजयाअक्का


इन्व्हरनेस
२ डिसेंबर १९७३

ती. अक्कास कृ. सा. न. वि. वि.

अखेर सुट्टी आणि तिकिटं दोन्ही एका वेळी मिळाली. जानेवारीत तिघं येतोय.

भाचीबद्दल आधीच सावध करतो. ती शाळेत फिओना, घरी तपती, आणि मिसेस मॅकलेंना तो 'त' काही केल्या जमत नाही म्हणून त्यांच्याकडे 'टॅपी'. मागच्या आठवड्यात शाळेतल्या बाईंनी वर्गात सांगितलं की प्रत्येकानं आपल्या नावाबद्दल बोलायचं. हिनं सांगितलं की माझं खरं नाव अजून मला मिळालेलं नाही, ते सुरतेला एका दगडात आहे आणि आत्या ते काढून देणार आहे. बाईंनी आम्हांला बोलावून घेतलं. सुनंदेनं अर्धा तास वरवंटा समजावला. माझी मदत झाली नाही. तुला आठवत असेल, मी दुसऱ्या वाक्यावर खाली बसतो.

ती रोज विचारते की आत्या कोणतं नाव सांगेल. मीही तेच विचारतो, पण पत्रात उत्तर देणार नाहीस हे माहीत आहे.

तुझा
श्रीकांत


नानपुरा, सुरत
१९ फेब्रुवारी १९७४

चि. श्रीकांत व चि. सौ. सुनंदा यांस अनेक आशीर्वाद.

सुखरूप पोचल्याचे पत्र आले. विमानात आणि घरी गेल्यावरही आत्याने कानात काय सांगितले ते तिने फोडले नाही, असे लिहिता. मीच तिला बजावले होते की मी पत्राने कळवीपर्यंत बोलायचे नाही. सहाव्या वर्षाला टेकलेल्या मुलीने इतका शब्द पाळला, यावरून ती कोणावर गेली आहे ते दिसते.

इथे बारसे केले त्या दिवशी तुम्ही दोघे दाराशी होता, तुम्हांला फक्त धपाटे दिसले. खरे असे झाले. ती पाटावर बसली आणि आधी तिने वरवंटा मागितला. मांडीवर घेतला, तळहाताने चाचपला आणि हळूच विचारले की हा तोच ना, बदललेला नाही ना. मी सांगितले की पुरातून आणला आहे, तोच आहे. तिचा हात त्या काळ्या दगडावर होता आणि दोघांचा रंग एकच होता. ती त्याच्याकडे अशी पाहत होती की मला हसू आवरेना. कोणी हसते आहे का, म्हणून ती एकदाही लोकांकडे पाहत नव्हती.

'तपती' हे ठरवूनच मी वाकले होते. पण तोंडाशी आल्यावर वाटले की ते तर तिला तुम्ही रोज देत आहात. ज्या नावाला सहा वर्षे आत्या मिळाली नव्हती, ते दुसरे होते. मी तिच्या कानात 'फिओना' म्हटले. म्हणणार नाही असे मी लिहून दिले होते. ते पत्र जवळ असेल तर ठेवा, पुढे दाखवायला उपयोगी पडेल.

धपाटे पडले. मी सरळ होते आहे तोच तिने माझा कान धरून खाली ओढला आणि म्हणाली की हे मला आधीच माहीत होते, दगडातले दे. तेव्हा पुन्हा वाकले आणि 'तपती' सांगितले. मंगलाबाईंचे लक्ष असते. त्यांनी दोन नावांचे धपाटे वेगळे घातले. अजून डावा खांदा दुखतो.

तिला एक सांगा. कोणी तिच्याकडे पाहून म्हणाले की फिओना म्हणजे गोरी, तर वाद घालू नये. सांगावे की फिओना म्हणजे आमच्या शेजारच्या बाई, ज्या न विचारता पाणी तापवायला आल्या. हाच अर्थ मी लावला आहे आणि या घरात तोच चालेल.

मिसेस मॅकले यांच्यासाठी जास्त तुपाचे लाडू या खेपेला विमानाने पाठवते आहे.

इकडे सर्व ठीक. काल कोथिंबिरीची चटणी घरच्या पाट्यावर वाटली. वरवंटा जरा जड वाटला. हाताला सवय राहिली नव्हती.

असाच लोभ करीत राहा.

तुमची
विजयाअक्का